एक्सची किंमत

२ जून
आजपासून अभ्यास. ऑफिसातली क्लार्कची रिकामी जागा संस्था शाळेतल्याच शिपायांतून भरणार आहे. २९ ला परीक्षा. पंचवीस मार्क, सगळी आठवीपर्यंतची समीकरणं. केदारखेड्याच्या या शाळेत एकोणीस वर्षं शिपाई आहे. वर्गाबाहेर स्टुलावर बसून गणिताचे एवढे तास ऐकलेत की पुस्तक लागणार न्हाई. तरी आणलं. कव्हर घातलं.

३ जून
गणिताच्या साधना मॅडमनी उदाहरण दिलं. एक्स अधिक सात बराबर बारा, तर एक्स किती? मी लगेच सांगितलं, एकोणीस. मॅडम म्हणाल्या, "धर्मराजभाऊ, बाजू बदलली की चिन्ह बदलतं." एवढंच होय. निम्मा सिलॅबस झाला.

६ जून
नियम पक्का. आता दिसेल त्याचं चिन्ह बदलतो, म्हणजे कुठलं राहून जात न्हाई. माझी उत्तरं पुस्तकामागच्या उत्तरांशी जुळत न्हाईत. छपाईच्या चुका फार.

९ जून
प्रयोगशाळेतल्या शिपाई सत्यशीलानंही फॉर्म भरला. नवरा वारला, दोन लेकरं. तिला कोण शिकवणार? मी म्हणलं, रोज चारला बस, मी शिकवतो.

१० जून
एका संख्येच्या तिपटीत पाच मिळवले तर सव्वीस. सत्यशीलानं सात काढले. मी म्हणलं, फार जल्दी केलंस, मार्क पायऱ्यांना असतात. ती म्हणाली, "लिहिल्यात की भाऊ." लिहिल्या होत्या. अक्षर बारीक आहे तिचं.

१४ जून
बापाचं वय पोराच्या चौपट, दोघांचं मिळून पन्नास. माझं उत्तर: पोरगा चाळीस, बाप दहा. बेरीज बिलकुल बराबर. बायकोनं, कौसल्यानं, विचारलं, "पोरगा तीस वर्षांचा झाल्यावर बाप जन्मला का?" तिला बीजगणित न्हाई समजत. पण वडीगोद्रीच्या भावाला फोनवर सांगून बसलीय, आमचे हे क्लार्क होऊन राह्यले. उद्यापासून पहाटे पाच.

१५ जून
सात वाजले. रविवार होता.

२० जून
पाचला उठलो. वही उघडून बसलो. कौसल्या म्हणते, वहीवर डोकं ठेवून घोरत होते. विचार करताना माझा श्वास तसा येतो.

२४ जून
सत्यशीला आता चारला येत न्हाई. साधना मॅडमकडं जाते म्हणे. माझी लेव्हल तिला झेपली नसावी.

२९ जून
पेपर. पाच समीकरणं, चार फटाफट. पाचव्यात एक्स दोन्ही बाजूंना. एक उचलून तिकडं न्यावा तर तिथं आधीच एक बसलेला. शून्य लिहिलं. सत्यशीला अर्धा तास आधीच पेपर देऊन गेली. सोडून दिलं असेल बिचारीनं.

४ जुलै
निकाल. सत्यशीला तेवीस. मी तीन. मॅडमना म्हणलं, तपासणीत काही राह्यलं असेल. त्यांनी पेपर समोर ठेवला. तीन मार्क उदाहरणं बराबर उतरवून घेतल्याचे. बाकी सगळ्या पानांवर लाल.
हेडसर म्हणाले, नव्या क्लार्कचं टेबल स्टोअरमधून ऑफिसात न्या. जड होतं. दारात अडकलं. सत्यशीला धावत आली, दुसरी बाजू धरायला लागली. "थांबा भाऊ, दोघं मिळून नेऊ."
मी म्हणलं, राहू द्या मॅडम.