पाचव्या पिल्लाच्या पुस्तकावरचं नाव

सोमवार, १३ एप्रिल

मी ऑरिन लुसियर, वय एक्याऐंशी, धंदा मुलांची चित्रपुस्तकं लिहिणं आणि रंगवणं, राहणार टोल्मन हिल, व्हरमाँट, हे मृत्युपत्र स्वतःच्या हातानं, स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून लिहीत आहे. डोकं ठिकाणावर आहे. हृदयाचं तसं सांगता येत नाही, म्हणून गुरुवारी सकाळी बर्लिंग्टनला ते उघडणार आहेत. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "दहातले आठ जण चालत घरी जातात." मी विचारलं, "आणि दोन?" तर त्या कागद चाळायला लागल्या. त्या दोघांत मी असलो तर हे लिहिलेलं असावं.

लिहावं म्हणून माझ्यावर कोणाचा दबाव नाही. लिहू नये म्हणून आहे, आणि तो माझ्या मुलीचा, कोरिनचा आहे. तिचं काय म्हणणं ते कलम सहात येईल. आमचे वकील फिलब्रिक म्हणाले, "तुमच्या भाषेत लिहा, कायद्यात मी बसवतो. बुधवारी दुपारी येऊन सह्या उरकू." यापूर्वीची माझी सगळी मृत्युपत्रं रद्द समजावीत. दोनच होती, आणि दोन्ही भित्र्या माणसानं लिहिलेली होती.

कलम १. हे घर, मागचं कोठार, मेपलची बावीस झाडं आणि साखरपाकाची भट्टी कोरिनला. चुलीचं दार ढोपरानं वर उचलून मगच लावायचं, नाहीतर धूर घरात येतो. हे तिला माहीत आहे, पण तिच्या नवऱ्याला पंचवीस वर्षांत जमलेलं नाही, म्हणून लिहून ठेवतो.

कलम २. ब्रश, रंग, काचेखाली दिवा असलेलं चित्र गिरवायचं टेबल आणि काटकोन्या गावच्या शाळेला. मी आठवीत शाळा सोडली आणि दुधाच्या गाड्यांवर मालकांची नावं रंगवायला लागलो. तीच माझी चित्रशाळा. गाडी सरळ उभी नसली तरी अक्षर सरळ दिसलं पाहिजे, एवढं तिथं शिकलो. सर्वांत बारीक दोन ब्रश कपाटात कुलपाखाली ठेवावेत. मुलं त्यांनी डिंक लावतात.

कलम ३. शेजारी बर्ट कॉफ्रिन याला काही नाही. माझ्या पहिल्या पुस्तकाला त्यानं भर दुकानात "रंगवलेल्या घुशी" म्हटलं होतं. ती पाणमांजरं होती. बर्टला अजूनही फरक कळत नाही, आणि त्याच्या घरामागून ओढा वाहतो.

कलम ४. मुलांची पत्रं, अकरा खोकी, गावच्या वाचनालयाला. कोणतंही फेकू नये, जॅम लागलेलीसुद्धा. यातली सर्वांत जुनी पत्रं एकच प्रश्न विचारतात. तो प्रश्न काय हे सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही, म्हणून सांगतो.

माझं पहिलं पुस्तक एकोणीसशे चौऱ्याहत्तरचं. हेटी नावाची पाणमांजर आणि तिची पाच पिल्लं. शब्द थेडा विल्मार्थ यांचे, चित्रं माझी. आमच्या धंद्यात लिहिणाऱ्याची आणि चित्रं काढणाऱ्याची गाठ पडू देत नाहीत. लिहिणारा संपादकाला कागद देतो, संपादक चित्रकाराला. दोघं एकमेकांच्या कानाशी लागले तर पुस्तक बिघडतं, अशी समजूत आहे. त्यामुळे थेडाबाई इथून चाळीस मैलांवर ईस्ट पेकमच्या शाळेत शिकवतात हे मला ठाऊक नव्हतं, आणि मी कोण हे त्यांना.

पान चौदा-पंधरावर बाईंचे शब्द होते, "एक, दोन, तीन, चार, पाच. आली सगळी." मी दोन्ही पानांवर पसरलेला ओढा काढला आणि पाचवं पिल्लू बरोब्बर मधोमध बसवलं. पुस्तक शिवलं की मधली घडी शिवणीत जाते, तिथं काही महत्त्वाचं काढायचं नसतं. नवशिक्यालासुद्धा हे पहिल्या दिवशी सांगतात. मला सांगायला कोणी नव्हतं. संपादकबाईंनी चित्र सपाट कागदावर पाहिलं, छान म्हणाल्या. छापून, शिवून आलं तेव्हा पिल्लू घडीत गिळलं गेलं होतं. मग देशभरातून पत्रं आली. मुलांनी बोट ठेवून मोजलं होतं. पाचवं कुठंय?

कलम ५. दुसऱ्या पुस्तकाला मिळालेलं पदक बैठकीच्या खोलीत आहे. ते कोणालाही देत नाही. का, ते पुढच्या कलमात.

त्या पुस्तकावर बोस्टनच्या एका वर्तमानपत्रात एका गृहस्थानं लिहिलं होतं की चित्रं बरी आहेत, पण चित्रकाराला इतके नेमके शब्द सापडले कुठं, हे नवल आहे. पन्नास वर्षं मी त्या माणसाचा राग केला. तो राग मी आज मागे घेतो. त्याची शंका रास्त होती.

कलम ६. "पाचवं पिल्लू कुठंय?" हेच ते दुसरं पुस्तक, माझं सर्वांत गाजलेलं. कव्हरवर लेखक आणि चित्रकार म्हणून एकट्या माझं नाव आहे. त्यातला एकही शब्द माझा नाही.

मुलांची पत्रं थेडाबाईंकडेही जात होती. त्यांनी उत्तर म्हणून गोष्ट लिहिली: पाचवं पिल्लू घडीत राहतं, आणि पुस्तक उघडलं की दरवेळी नव्या पानावर डोकावतं. धंद्याचा रिवाज मोडून त्यांनी ती थेट माझ्या पत्त्यावर धाडली. आम्ही एकदाच भेटलो, सेंट जॉन्सबरीच्या एका खानावळीत. सफरचंदाचा पाई खाता खाता त्यांनी ती मोठ्यानं वाचून दाखवली, आणि शेजारच्या टेबलावरचा ट्रकवाला जेवायचा थांबला. मी म्हणालो, बत्तीस पानांचा कच्चा नमुना मी करतो, दोघांच्या नावानं बोस्टनला प्रकाशकांकडे नेतो.

नेला. तोवर जुन्या संपादकबाई नोकरी सोडून गेल्या होत्या, आणि नमुन्यावर मी अजून नावं घातली नव्हती. नव्या साहेबांनी नमुना उलटून पाहिला आणि विचारलं, "शब्दही तुमचेच ना, लुसियर?"

मी हो म्हणालो.

रिवाज मोडून भेटलो हे कळलं तर पुस्तक हातचं जाईल, या भीतीनं म्हणालो असं मी आजवर स्वतःला समजावत आलो. खरं कारण इतकं चांगलं नाही. गाड्यांवर दुसऱ्यांची नावं रंगवण्यात माझी बारा वर्षं गेली होती. माझं एकट्याचं नाव मोठ्या अक्षरात घालतो असं पहिल्यांदा कोणी म्हणत होतं.

पुस्तक निघाल्यावर बाईंचं एक कार्ड आलं. "पान चौदा-पंधरा आता माझ्या चांगलंच लक्षात आलं," एवढंच; या वेळी घडीत गिळल्या गेल्या होत्या त्या. त्यांनी गवगवा केला नाही. करणार कशाच्या जोरावर? त्यांच्या हस्ताक्षरातली एकुलती एक प्रत माझ्याकडे होती, आणि मी ती परत दिली नाही. जाळलीही नाही. पुढे अकरा पुस्तकं मी स्वतः लिहिली. ती वाईट नाहीत, पण मुलं ती मोठ्यानं वाचायला लावत नाहीत, हे माझं मला कळतं.

यंदा त्या पुस्तकाला पन्नास वर्षं होतात. नवी आवृत्ती निघते आहे, आणि छापायला माझा शेवटचा होकार शुक्रवारपर्यंत हवा आहे. गुरुवारी मी ऑपरेशनच्या टेबलावर असेन. म्हणून माझी इच्छा अशी: माझ्या मृत्यूनंतर हे कलम प्रकाशकांना दाखवावं, थेडा विल्मार्थ यांचं नाव लेखिका म्हणून माझ्या नावाच्या वर छापावं, आणि पुस्तकाचं निम्मं उत्पन्न त्यांना जावं. मूळ हस्तलिखित मी आज फिलब्रिक यांच्या ताब्यात दिलं आहे.

कारण सकाळी या कलमाचा कच्चा खर्डा वाचून कोरिन म्हणाली, "बाबा, त्या बाईंचे कागद चुलीत घाला."

"का म्हणून?"

"पदक काढून घेतील. वाचनालयं पुस्तकं उतरवतील. तुमच्या नावाची बालवाडी आहे गावात, तिची पाटी काढतील. आणि हे सगळं मी बघायचं, तुम्ही वर निवांत."

"वर जाईनच असं कशावरून?"

"विनोद करू नका. आईला माहीत होतं हे?"

"नाही."

ती बराच वेळ बशी पुसत राहिली. बशी कोरडीच होती.

मंगळवार, १४ एप्रिल

थेडाबाई आता शहाऐंशीच्या आहेत. त्यांना आधी कळवायला हवं म्हणून कलम सहाची नक्कल पाकिटात घालून कोरिनला ईस्ट पेकमला पाठवलं. ती कुरकुरत गेली, पण गेली. तीन तासांनी तेच पाकीट घेऊन परत आली. पाकिटाच्या मागे पेन्सिलीनं लिहिलेलं होतं, "मेलेल्या माणसाकडून मी काही घेत नाही."

"आणखी काय म्हणाल्या?"

"चहा घेणार का म्हणाल्या. मी नको म्हटलं. मग म्हणाल्या, तुझ्या बापापेक्षा तुला नाही म्हणायला जास्त जमतं."

मी पाच वेळा फोन केला. उचलला नाही. आज दिवसभर छातीत कोणीतरी मूठ आवळून बसल्यासारखं वाटतं आहे. गोळी घेतली. आणखी काही लिहिण्याजोगं आज सुचत नाही.

बुधवार, १५ एप्रिल

सह्यांसाठी फिलब्रिक दोन वाजता आले. त्यांच्या पाठोपाठ टेकडीवर बर्टचा ट्रॅक्टर घरघरत आला, आणि त्यावर बर्टशेजारी थेडा विल्मार्थ बसल्या होत्या. त्यांची गाडी खालच्या वळणावर चिखलात रुतली होती. बर्ट म्हणाला, "या बाई तुझं घर विचारत होत्या. मी म्हटलं, घुशीवाल्याकडे ना? चला."

मी खुर्ची पुढे केली.

"बसायला नाही आले," बाई म्हणाल्या. "कागद दाखव."

फिलब्रिकनी दिला. त्यांनी उभ्यानंच कलम सहा वाचलं. "किती लांबवलंस. तुझी वाक्यं अजून पसरतात."

"तुमचं नाव देतोय मी."

"तू कुठं देतोयस? तू मरणार. मग ही देणार," त्यांनी कोरिनकडे बोट केलं, "मग हे वकील देणार, मग प्रकाशक बघू म्हणणार. तोवर मी असणार का? आणि तू वाचलास तर? हा कागद खणात जाणार आणि तू पुन्हा पदकासमोर बसून जेवणार. फोन कर."

"उद्या ऑपरेशन आहे माझं."

"म्हणूनच आज."

कोरिन मध्ये पडली. "बाई, त्यांच्या हृदयाला झेपायचं नाही हे."

"माझ्या हृदयाला झेपलं," थेडाबाई म्हणाल्या. आवाज चढवला नाही. शाळेत कधी चढवला नसेल.

मी नंबर फिरवला. हल्लीच्या संपादक मिस हॅथोर्न गोड आवाजात म्हणाल्या, "मिस्टर लुसियर, होकार द्यायला केलात ना?" मी फोन सगळ्यांना ऐकू येईल असा टेबलावर ठेवला आणि सांगितलं. खानावळ, नमुना, हो म्हटलेलं, सगळं. पाच मिनिटं लागली नसतील.

तिकडे दार लावून घेतल्याचा आवाज. मग, "तुम्ही औषधांच्या गुंगीत तर नाही ना?"

"नाही. शहात्तर साली होतो."

"मिस्टर लुसियर, हे मला कळल्यावर मी पुस्तक छापायला पाठवू शकत नाही. आमचे वकील बघतील, पदकाच्या मंडळाला कळवावं लागेल. आवृत्ती थांबेल. कदाचित पुन्हा निघणारच नाही. मी हे ऐकलंच नाही, असंही होऊ शकतं. विचार करा."

मी थेडाबाईंकडे पाहिलं. पुस्तक निघालं नाही तर त्यांचं नाव त्यावर कधीच छापलं जाणार नव्हतं. त्यांनी खुर्चीची पाठ धरली होती.

"थांबू दे," त्या म्हणाल्या.

"कोण बोलतंय?" मिस हॅथोर्न.

मी म्हणालो, "ज्यांचं पुस्तक आहे त्या. तुम्ही ऐकलंत, आणि मी सांगितलं. लेखी पाठवतो."

कबुलीचं पत्र मी दहा ओळींत लिहिलं. बाईंनी त्यातल्या तीन कापल्या. सही केली. मग पाकिटासाठी मी उठायला लागलो तर कोरिन म्हणाली, "बसा. टपालानं कधी पोचायचं?" तिनं फिलब्रिककडून ते जुनं हस्तलिखित मागून घेतलं. चूल दोन पावलांवर होती. ती खिडकीशी गेली, एकेक पान उजेडात धरून फोननं फोटो काढत राहिली, आणि शेवटच्या पानाला थांबून तिथंच उभ्यानं वाचायला लागली. मग पत्रासकट सगळं पाठवून दिलं आणि कागद बाईंच्या हातात ठेवले. "तुमचे आहेत," म्हणाली. "आता चहा घ्याल?"

"आता बसते," बाई म्हणाल्या.

म्हणून सही करण्यापूर्वी हा बदल: कलम ६ मधली इच्छा रद्द. ते काम मी जिवंतपणी केलं. नवी आवृत्ती निघेल की नाही, कोणाच्या नावानं, हे या घडीला कोणालाच माहीत नाही. बोस्टनहून अजून उत्तर नाही. कलम ५ मधलं पदक मिस हॅथोर्न मागतील तेव्हा कोरिननं पाठवून द्यावं, न मागितलं तरी पाठवावं. कलम ३ तसंच ठेवतो, पण ट्रॅक्टरबद्दल आभार.

फिलब्रिक म्हणाले, ज्याला मृत्युपत्रातून काही मिळतं त्यानं साक्षीदार होऊ नये. बाईंना यातून आता काहीच मिळत नाही. तेव्हा साक्षीदार व्हायला त्यांना चालेल का, असं मी विचारलं. त्या म्हणाल्या, "वाचून मग सही करते," आणि पहिल्या ओळीपासून वाचायला बसल्या.

वरील सर्व मजकूर माझ्या हातचा असून मला मान्य आहे. खालील दोघांसमोर मी सही केली, आणि त्यांनी माझ्यासमोर केली.

ठिकाण: टोल्मन हिल, व्हरमाँट
दिनांक: १५ एप्रिल २०२६

(सही) ऑरिन लुसियर

साक्षीदार:

१. (सही) बर्ट कॉफ्रिन, वय ७८, शेतकरी, राहणार टोल्मन हिल.

२. (सही) थेडा विल्मार्थ, वय ८६, लेखिका, राहणार ईस्ट पेकम.

टीप: साक्षीदारांचा तपशील मी भरला. क्रमांक दोनपुढे मी "निवृत्त शिक्षिका" असं लिहिलं होतं. ते खोडून बाईंनी स्वतःच्या अक्षरात दुरुस्ती केली आहे. दुरुस्ती बरोबर आहे. — ऑ. लु.