ब्रह्मदेशातली खेचरं

बाबा, परवा टीव्हीवर खेचरं दिसली. दुसऱ्या महायुद्धावरचा माहितीपट होता. पोटापर्यंत चिखलात रुतलेली, पाठीवर दारूगोळ्याच्या पेट्या, आणि त्यांना ओढत नेणारी आपली माणसं, काळी, हडकुळी. पलटणीत असताना तुम्ही हेच काम करायचात. माझ्या लहानपणी सांगायचात, अगदी तसंच होतं सगळं.

अमरावतीच्या घरी नवा टीव्ही आला त्या वर्षीचा एक रविवार आठवतो. असाच माहितीपट लागणार होता. तुम्ही सकाळीच दाढी करून, इस्त्रीचा सदरा घालून गल्लीभर सांगत फिरलात, "आज आमची ब्रह्मदेशाची लढाई दाखवून राहिले. या पाह्याले." माणसं पार दारापर्यंत बसली. आई चहा गाळतेय, तुम्ही पडद्याला खेटून बसलात, आणि मी इंग्रजीचा अर्थ सांगतोय. विमानं आली, रणगाडे आले, गोरे साहेब नकाशे पाहत उभे राहिले. शेवटपर्यंत ना खेचर दिसलं, ना आपला माणूस. संपल्यावर शेजारचे काका म्हणाले, "तुमी कुठी लपले होते, भाऊ?" सगळे हसले. मीही हसलो. तुम्ही रिकामे कप गोळा करायला उठलात.

तेवढ्यावर थांबलो असतो तरी बरं. जेवताना मी विचारलं, "बाबा, खरंच होते ना तुमी तिकडं?" कॉलेजात होतो, छापलेलं आणि दाखवलेलं तेवढंच खरं वाटायचं. भाकरीचा तुकडा हातात तसाच धरून तुम्ही माझ्याकडे पाहिलंत. "नसन रे," म्हणालात. "तू शिकेल हायेस. तुले जास्त समजते." त्यानंतर अकोल्याला ताईकडे डोळे मिटेपर्यंत तुम्ही ब्रह्मदेशाचं नाव काढलं नाही. रागावला असता, तर मला निदान माफी मागता आली असती.

परवा ती खेचरं पाहून रडू आलं नाही. सुटल्यासारखं वाटलं. म्हणजे तुम्ही खरं बोलत होतात! इतकी वर्षं मी पुराव्याची वाट पाहत होतो, हे मला तेव्हा कळलं. दुसऱ्या दिवशी बागेत फिरायला येणाऱ्या मित्रांना ऐटीत सांगितलं, माझे वडील त्या लढाईत होते. एकाने तर वाकून नमस्कार केला. हे तुमच्यापर्यंत पोचणार नाही, म्हणूनच लिहवतंय. बाबा, तो नमस्कार मी घेतला.