ओवसा आणि परतीचं तिकीट

मुलुंड (पूर्व),
२२ जानेवारी १९८७

ती. वन्सं यांस प्रेमाचा नमस्कार.

इकडे सगळं क्षेम आहे असं लिहायची रीत आहे, म्हणून लिहिते. नीला सहामाहीत वर्गात पहिली आली. आईचा दमा दर थंडीत वाढतो तसा वाढलाय. माझं औषधांच्या कंपनीत पॅकिंगचं काम चालू आहे. सासूबाईंचे गुडघे कसे आहेत? त्यांना मी विचारलं म्हणून सांगा, किंवा नका सांगू.

बातमी अशी, की तुमच्या बंधूंनी माझ्यावर तिकडच्या कोर्टात लावलेला घटस्फोटाचा दावा हायकोर्टाने परवा मंगळवारी मुंबईच्या कोर्टात हलवला. एव्हाना तार आली असेल आणि घरात भांडी आपटली असतील.

मी अर्जात एवढंच म्हटलं होतं, की बाई एकटी, मुलगी लहान, खाडा केला की नोकरी जायची. दर तारखेला चौदा तास एस्टीने यायचं कसं? त्यावर तुम्ही शपथेवर लिहून दिलंत, ‘प्रेमा गेल्या गणपतीत मुलीला घेऊन गावी आली होती. तिला प्रवासाचा काहीही त्रास होत नाही. परत जाताना तिला खिडकीची जागा होती.’ खिडकीपर्यंत लिहिलंत, वन्सं! ते तिकीट कुणी काढलं होतं तेवढं मात्र राहिलं.

माझ्या वकील मृणालिनीबाई नागपूरकडच्या. ते वाचून त्यांनी चष्मा काढून ठेवला.

“दावा चालू असताना तुम्ही सासरी गेलात? कशाला?”

“गौरीचा ओवसा होता.”

“म्हणजे काय?”

मग सांगत बसले, की सुपात फळं, पानं, नारळ घालून गौरीपुढे ओवसायचं आणि ते सूप घरातल्या वडीलधाऱ्यांना, नवऱ्याला द्यायचं. लग्न झालेल्या बाईने हे मोडायचं नसतं. त्या म्हणाल्या, “तो तुम्हाला कोर्टात खेचतोय आणि तुम्ही त्याच्या हातात सूप देता?” मला तोंड वर करवेना.

तुम्हाला आठवत असेल. तुम्ही मागून म्हणालात, “सूप नीट धर गो!” तुमच्या बंधूंनी सूप घेतलं, कपाळाला लावलं. मी ते खरं मानलं.

आता खरं सांगते, जे वकीलबाईंनाही सांगितलेलं नाही. मी ओवशाला आले नव्हते, राहायला आले होते. ट्रंकेत तळाशी नीलाचा शाळा सोडल्याचा दाखला होता. मुख्याध्यापिकेला सांगितलं होतं, आता आम्ही गावीच राहणार. पाच दिवस वाट बघितली. गौरी-गणपती बोळवल्यावर दुसऱ्या दिवशी तुमच्या बंधूंनी परतीचं तिकीट माझ्या हातात ठेवलं. खिडकीची जागा. मुंबईत आल्यावर त्याच शाळेत नीलाला परत घ्या म्हणून पाया पडले.

आणि यायला मला कुणी सांगितलं होतं? तुमचं अंतर्देशीय पत्र माझ्याकडे होतं. ‘ती बाई चतुर्थीला तिच्या माहेरी जाते आहे, घर मोकळं आहे. ओवसा मोडू नको, तो मऊ पडेल. वाचून फाडून टाक.’ ती कोण हे मला ठाऊक होतं. तरी आले, एवढी मी निर्लज्ज. पण पत्र फाडलं नाही. तुमचं प्रतिज्ञापत्र वाचलं त्या दिवशी ते वकीलबाईंच्या टेबलावर ठेवलं. मी नवऱ्याला टाकून पळाले असं दाव्यात लिहिलंय ना? मग सुनेला सणाला बोलावलं कुणी, आणि घरात ती कोण आहे, ते आता तुमच्या अक्षरात कोर्टात आहे.

मी सूड घेतला असं तुम्हाला वाटेल. थोडा घेतलाच. तुम्हीही मनाने सही केली नसणार. यजमान गेल्यापासून भावाच्या घरात दोन घास खाताय, नाही कसं म्हणणार? पण माझ्या पोरीच्या बापाने मला पळपुटी ठरवायला घेतलं, तेव्हा तुमचे दोन घास बघत बसायला मला जमलं नाही.

हे अक्षर तुमचंच आहे हे सांगायला तुम्हाला मुंबईला यावं लागेल. समन्स बहुधा ऐन शिमग्यात येईल. प्रवासाचं काय, त्यात काही त्रास नसतो, तुम्हीच शपथेवर सांगितलंय.

साक्ष दिल्यावर ते तुम्हाला घरात घेतील असं वाटत नाही. ट्रंक भरताना तेवढं लक्षात ठेवा. आमची खोली दहा बाय बाराची आहे, त्यात आणखी एक चटई मावते. परतीचं तिकीट मी कुणाच्या हातात ठेवत नाही.

कोर्ट नाही म्हणेपर्यंत तुमची भावजय,
प्रेमा