आत्याचं पान

आबा, उद्या सकाळी मी आत्याला आणायला निघते आहे. आणायचं म्हणजे आपल्या घरी, पलूसकडच्या मळ्यात, साताऱ्याला माझ्याकडे नव्हे. परवानगी मागायला लिहीत नाही. ती वेळ केव्हाच गेली, आणि तुम्हाला जाऊनही आता इतकी वर्षं झाली की भिंतीवरच्या फोटोतला तुमचा युनिफॉर्म पार पांढरा पडला. तुमच्या कानावर घालावं, एवढ्यासाठी लिहिते. रागवायचं असेल तर रागवा, मी ऐकणार नाही.

तुम्ही सुट्टीवर आलात तो दिवस मला स्वच्छ आठवतो. मी तेव्हा सातवीत होते. आत्याचं मूल दगावलं, त्यानंतर ती झोपेना, जेवेना, एकटीच बोलत सुटली, आणि सासरच्यांनी तिला आपल्या दारात आणून सोडलं. आजीनं देवऋषी केले, मिरच्यांची धुरी दिली, अमावस्येचे उतारे टाकले, आणि काहीच लागू पडेना तेव्हा थोरल्या चुलत्यांनी तिला गोठ्यात बैलाच्या दाव्यानं बांधलं. तुम्ही ट्रंक दारातच ठेवता आणि बूट न काढता गोठ्यात जाता. गाठ भिजून घट्ट बसली आहे, ती सुटत नाही, म्हणून तुम्ही विळ्यानं दावं कापता. आजी म्हणते, सोडू नकोस, पळून जाईल. तुम्ही तिच्याकडे बघतही नाही. "पळू दे," म्हणता, "माझी भन हाय ती, जनावर न्हाई." मग आईला पाणी तापवायला सांगता. त्या दिवशी तुम्ही मला देवासारखे वाटला होता, आणि हे लिहायला मला आजही जड जात नाही.

चार दिवसांनी कारखान्याची जीप मागून तुम्ही तिला कोयनेच्या घाटातून खाली कोकणात, त्या मोठ्या हॉस्पिटलात नेलंत. तेव्हा लोक त्याला वेड्यांचं इस्पितळच म्हणत, आणि भरती करायला मॅजिस्ट्रेटची ऑर्डर लागायची, चोराला तुरुंगात धाडावं तशी. परत आल्यावर आईला सांगताना तुमचा चेहरा निवळला होता. भिंत उंच आहे, सकाळी घंटा होते, रांगेत चहा मिळतो, सगळ्यांचे कपडे एकसारखे. अगदी पलटणीसारखं आहे, म्हणालात. ज्या शिस्तीनं तुम्हाला माणूस केलं तीच तिलाही ताळ्यावर आणील, असं तुम्हाला मनापासून वाटलं होतं. फौजी माणसालाच असं वाटू शकतं.

मग माझी सोयरीक आली. मी आत चहा गाळत होते. ओसरीवर पाहुण्यांनी घरात कोण कोण म्हणून विचारलं आणि तुमचा आवाज आला, "एक भन हुती. वारली." आई चुलीकडे तोंड करून बसली होती, ती वळली नाही. उन्हाळ्यात लग्न झालं. भाद्रपदात सर्वपित्रीला व्याही जेवायला येणार, म्हणून पूर्वजांच्या पानांच्या ओळीत आत्याचंही पान मांडलं गेलं. खीर, वडे, आमटी, सगळं रीतसर.  कावळाही आला, आणि व्याह्यांसमोर तुम्ही सुटकेचा श्वास टाकलात. महिन्याभरानं भाऊबीजेला तुम्ही दरसालसारखे 'कॅन्टीनला जाऊन येतो' म्हणून निघालात, ते त्याच मेलेल्या बहिणीकडून ओवाळून घ्यायला.

पण तोवर मी यांना सगळं सांगून टाकलं होतं. माझ्या पोटात काही राहत नाही हे तुम्हाला ठाऊक होतं, तुम्हीच गाफील राहिलात. पहिल्या दिवाळसणाला आलेला जावई कराडच्या स्टँडवर तुमच्यासमोर उभा राहिला आणि म्हणाला, मामा, आम्हीपण येतो. ज्या सोयरिकीसाठी तुम्ही आत्याला मारलंत, ती मोडायचं कुणाच्या मनातही नव्हतं. घाट लागल्यावर तुम्ही माझ्याकडे वळून म्हणालात, "तुला कुणी इचारलं हुतं का? मग तोंड कशाला उघडलंस?"  हे बिचारे चिपळूण येईतो मधल्या सीटवर शेंगा सोलत बसले.

वॉर्डात आगकाडी चालत नाही. आत्यानं स्टीलच्या ताटात हळदकुंकू, तांदूळ, सुपारी घेतली, निरांजनाची जागा मोकळी ठेवली आणि तसंच तुम्हाला ओवाळलं. तुम्ही टोपी घालून ताठ बसला होता, साहेब समोर असल्यासारखे. काचेच्या बांगड्याही आत चालत नाहीत, म्हणून तुम्ही प्लॅस्टिकच्या आणल्या होत्या, हिरव्या. निघताना डॉक्टरांनी तुम्हाला बाजूला घेतलं. ती बरी आहे, गोळ्या चुकवल्या नाहीत तर घरी राहू शकेल, म्हणाले. तुम्ही म्हणालात, घरी नेली की परत दावं लावतील. ते मला तेव्हा पटलं. मग आजी गेली, थोरले चुलते गेले, गोठा पाडून तिथं मोटरसायकली लागायला लागल्या. दावं लावणारं कुणीही उरलं नाही, तरी तुम्ही तिला आणलं नाहीत. जिचं पान मांडलं त्या बाईला गावात आणायचं कसं, हे तुम्हाला उमगेना. दरसाल जाऊन ओवाळून घेणं तेवढं जमलं. याचा मला राग आहे आबा, आणि तो मी काही सोडणार नाही.

तुमच्यामागे मी जात राहिले. तिथली समाजसेविका मोठी बोलकी बाई आहे. एकदा तिनं मला जुन्या कोठड्या दाखवल्या. इंग्रजाच्या काळात तिथं जमिनीतल्या कड्यांना माणसं साखळीनं बांधत. आता तिथं बागेची खुरपी आणि पाण्याचे पाइप ठेवतात, पण कडी तशीच आहेत, फरशीतून निघाली नाहीत म्हणे. मग साखळ्या गेल्या आणि कुलपं आली, कुलपांबरोबर केस भादरणं आलं, पुढे गोळ्या आल्या, हातमाग आले. आता नवा कायदा आहे, बऱ्या झालेल्या माणसाला उगाच ठेवून घेता येत नाही. ती म्हणाली, भिंतीच्या आतलं सगळं बदलत गेलं हो, बाहेरचे लोक मात्र न्यायला येत नाहीत. कित्येकजण तर भरती करतानाच खोटा पत्ता लिहून जातात. तुमच्या वडिलांनी खरा दिला होता.

आत्याला मी साताऱ्याला चल म्हणून किती विनवलं. तिचं एकच, भाचीच्या दारात काय म्हणून येऊ, न्यायचं तर माझ्या घरी ने. या वर्षी हॉस्पिटलातून तिला घेऊन जा म्हणून फोन आला तेव्हा मी ठरवलं, आता मागे हटायचं नाही. मळ्यात जाऊन तुमच्या लेकाला सांगितलं तर तो अगदी तुमच्याच आवाजात बोलला. "आक्का, पोरीचं जमत आलंय. एवढं हून जाऊ दे, मग बघू." मी म्हटलं, अशीच एकदा माझी सोयरीक जमत आली होती. तरी तो हो म्हणेना. मग मी जोंधळ्याचा डबा घेतला आणि सरळ पिठाच्या गिरणीत गेले. नंबराला बसलेल्या बायकांना खणखणीत आवाजात सांगितलं की माझी आत्या जिवंत आहे, इतकी वर्षं हॉस्पिटलात होती, आता घरी येते आहे. गिरणीत सांगितलं की दवंडी लागत नाही. मागच्या आळीतली म्हातारी म्हणाली, "आगं, तिचं पान मांडलं हुतं न्हवं तुमी? कावळाबी शिवला म्हणं." मी म्हटलं, कावळा भुकेला होता, त्याला काय ठाऊक. बायका हसल्या, मी डबा नंबराला लावला. दळण घेऊन घरी येईपर्यंत भावाच्या कानावर सगळं गेलं होतं.  तिसऱ्या दिवशी त्यानं मधल्या खोलीतली खताची पोती बाहेर काढली.

गेल्या आठवड्यात मी तिला भेटून आले. तुम्ही गेल्याचं तिला इतक्यात सांगू नका, असं तेव्हाच्या डॉक्टरांनी म्हटलं होतं, तिनं कधी विचारलं नाही आणि ते तसंच राहून गेलं होतं. आता घरी न्यायच्या आधी सांगायलाच हवं, असं समाजसेविका म्हणाली. मी वाक्य जुळवत होते, तोच आत्या म्हणाली, "दादा गेला ते मला ठावं हाय. पयल्या भाऊबीजेला आला न्हाई तवाच कळलं. जित्ता असता तर चालत आला असता. तवापासनं मी चांदाला ओवाळती." ज्यांना भाऊ नाही त्या बायकांसारखी ती इतकी वर्षं वॉर्डाच्या गजांमधून दुजेच्या चंद्राला ओवाळते आहे, रिकाम्याच ताटानं. मी तिच्या मांडीवर डोकं ठेवून रडले. तिनं मला थोपटलं आणि मग विचारलं, गावात लोकांना मी आठवते का गं?

तिथं माझं धाडस संपलं. सगळ्या गिरणीला सांगणारी मी, तिला सांगू शकले नाही की तिच्या दादानंच तिचं पान मांडलं होतं. पण गावात पाय ठेवला की कुणीतरी तिला हे ऐकवणार, आणि ते बाहेरच्याकडून तिच्या कानावर जाता कामा नये. म्हणून उद्या परत येताना, घाट चढून वर आलो की गाडी थांबवून मी तिला सगळं सांगणार आहे. गोळ्या कुठल्या दवाखान्यात मिळतात ते बघून ठेवलं आहे. पहिला महिना मी तिथंच राहणार, आणि हे साताऱ्यात स्वतःच्या हातानं करून खाणार. ही तयारी मी कुणाला मोडू देणार नाही.

हे लिहायला बसले तेव्हा तुम्हाला चार शब्द सुनावायचे होते, ते सुनावून झाले. पण मघापासून मी मनात एकच उजळणी करते आहे. मी सांगितल्यावर आत्या विचारील, "दादानं असं का केलं गं?" तेव्हा मला तुमच्या बाजूनं बोलायचं आहे आबा, आणि काय बोलावं ते मला सुचत नाही.