कुसुमलतेच्या दोन खोल्या

मी, त्रिलोकीनाथ सक्सेना, वय त्र्याहत्तर वर्षे, सेवानिवृत्त सत्र न्यायाधीश, राहणार सीतापूर, पूर्ण शुद्धीवर असताना व कोणाच्याही दडपणाशिवाय हे मृत्युपत्र स्वहस्ते लिहीत आहे. डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे; कारण हे वाचल्यावर माझा मुलगा अनुपम प्रथम माझ्या बुद्धीविषयीच शंका घेईल.

एक. माझे घर स्वकष्टार्जित आहे. त्याचा पूर्वेकडील भाग, अंगणासह, अनुपमला मिळावा. त्याने छपाईच्या चुका तपासल्याशिवाय माझी श्रद्धांजली वर्तमानपत्रात देऊ नये.

दोन. बँकेतील सर्व ठेवी सूनबाई निवेदिता हिला मिळाव्यात. तिच्या लग्नात आमच्या दारात मोटार आली. ‘मागितली कुठे, त्यांनी आनंदाने दिली,’ असे मी चारचौघांत म्हणत असे. हुंड्याचे खटले चालवायला मी त्याच मोटारीतून जात होतो. ही रक्कम तिला भेट नाही, परतफेड आहे.

तीन. पश्चिमेकडील दोन खोल्या, स्वतंत्र दारासह, श्रीमती कुसुमलता कटियार, शाळेतील स्वयंपाकीण, हिला कायमच्या मालकीने मिळाव्यात. ही आमची कोण, असे विचारले जाईल, म्हणून कारण नोंदवतो.

सन २००९ मध्ये, ज्या जिल्ह्याचे नाव मी येथे लिहीत नाही, तेथे तिची थोरली बहीण मिथिलेश लग्नानंतर तिसऱ्या वर्षी सासरी जळून मेली. सासरच्यांना मोटारसायकल हवी होती. नवरा सत्यवीर तुरुंगात होता. त्याचा जामीन अर्ज माझ्यापुढे आला, त्या दिवशीचा एकतिसावा.

लग्नानंतर सात वर्षांच्या आत असा मृत्यू झाला आणि हुंड्यासाठी छळ दिसला, तर कायदा नवऱ्याला दोषी गृहीत धरतो. जामिनाच्या वेळी मात्र आम्ही पाहतो की आरोपी पळेल काय, तपास संपला काय, साक्षीदार फोडील काय. येथे फुटलेला साक्षीदार हात जोडून माझ्यापुढे उभा होता. मिथिलेशचे वडील छोटेलाल यांनी प्रतिज्ञापत्र दिले होते की मुलगी स्टोव्हच्या भडक्याने गेली, आमची तक्रार नाही. त्यांच्यामागे एकोणीस वर्षांची मुलगी मिथिलेशचे तान्हे मूल कडेवर घेऊन उभी होती.

त्या प्रतिज्ञापत्रातील दोन व्याकरणदोष मी दुरुस्त करवून घेतले. सही तुमचीच ना, एवढे छोटेलालना विचारले. ‘उभय कुटुंबांत सलोखा झाला आहे व बालकास पित्याची आवश्यकता आहे,’ असे लिहून जामीन दिला. आदेश निर्दोष भाषेत होता.

बाराव्या दिवशी चहा ठेवताना माझ्या न्यायालयातील कारकून, पेशकार, म्हणाला, “हुजूर, त्या सत्यवीरचं लग्न झालं.”

“कोणाशी?”

“मूल घेऊन उभी होती ना, तिच्याशी. थोरलीच्या जागी धाकटी द्यायची, आमच्याकडे चालतं ते. म्हातारा हुंड्यातून सुटला, पोरगा तुरुंगातून सुटला.”

ज्या सलोख्याच्या आधारावर मी जामीन दिला, तो सलोखा म्हणजे ती मुलगी होती. हे कळल्यावर सरकारी वकिलांना बोलावून जामीन रद्द करण्याविषयी सुचवणे मला शक्य होते. मी चहा प्यायलो. पुढे छोटेलालनी साक्ष फिरवली आणि सत्यवीर निर्दोष सुटला. सहा वर्षांनी कुसुमलता बहिणीच्या मुलीला घेऊन, एक हात कोपरापासून अधू झालेला, त्या घरातून निघाली.

गेल्या वर्षी तिला शोधत मी तिच्या शाळेत गेलो. ती तांदूळ निवडत होती. मी कोण हे सांगितल्यावर तिने सूप खाली ठेवले नाही.

“त्या दिवशी मला वाटलं होतं, साहेब मला काहीतरी विचारतील,” ती म्हणाली. “मी पाठ करून आले होते.”

“वडिलांनी शिकवलेलं?”

“ते पण, आणि माझं पण. तोंडातून कोणतं आलं असतं, देवाला ठाऊक.”

या पंधरा वर्षांत मी स्वतःला दिलेली एकही सबब त्या वाक्यापुढे टिकली नाही.

खोल्यांचे सांगितल्यावर तिने आभार मानले नाहीत. मेल्यावरच्या कागदावर तिचा भरवसा नाही, असे म्हणाली. म्हणून पश्चिमेच्या दाराची किल्ली मी तिला आजच दिली आहे. अनुपमने कुलूप बदलू नये.

हे मृत्युपत्र मी साक्षीदारांसमोर तिला वाचून दाखवले आणि प्रत्येक कलमानंतर तिचे काही म्हणणे आहे काय, असे विचारले. तिसऱ्या कलमात तिच्या नावाआधी मी ‘मला मुलीसमान असलेल्या’ असे लिहिले होते.

“ते काढा,” ती म्हणाली. “खोल्या घेते. मुलगी नाही होत.”

ते शब्द खोडले आहेत. खोडाखोड माझ्या हातची व तिच्या म्हणण्यावरून केलेली असून शेजारी माझी लघुस्वाक्षरी आहे.

स्थळ : सीतापूर
दिनांक : ११ नोव्हेंबर २०२४

(सही) त्रिलोकीनाथ सक्सेना

आमच्या देखत सही केली :
१. हरिशरण बाजपेयी, निवृत्त मुख्याध्यापक
२. नफीसा खातून, परिचारिका