ढगपूरचं राजगीत

सेक्टर ६, भिलाई

मथुराताई,

हे पत्र तुले देणार नाही, पण लिहिल्याबिगर मले जेवण जाणार नाही.

काल पोलाद कारखान्याच्या नव्या भट्टीच्या उद्घाटनात, भरल्या मैदानात, तू आपल्या ढगपूरचं राजगीत गायली. गावाकडं गोठ्यात बसून आपण दोघी बहिणींनी रचलेलं ते राज्य! तू राणी, मी प्रजा. गीतातली दुसरी ओळ माही होती. ते तुनं शेजारच्या बेबीले कावून देली? कालपरवाची ओळख, अन् माही ओळ तिच्या तोंडात!

सारे बसून ऐकून राहिले होते. मी एकटी चपला काढून उभी झाली. राजगीत सुरू झालं का प्रजेनं अनवाणी उभं राहावं, असंच ठरलं होतं ना? तुले मी दिसलीच नाही. गाताना राणीनं फक्त ढगाकडं पाहावं, हा नियम माहाच होता.

तुही एकटी प्रजा,
वच्छला