गोराईच्या विहिरीचं पाणी

गोराई, ता. ३ डिसेंबर १९८३

चि. अनंतास,
ताईचे अनेक आशीर्वाद.

वि. वि. आमची नात मीरा दीड महिन्याची झाली, पण तिचे ओठ आणि नखं निळसर दिसतात. सुनेला दूध नाही, म्हणून डब्याची पावडर देतो. विहिरीचं पाणी मी स्वतः वीस मिनिटं उकळते, तरी पोर मलूल होत चाललीय. बोरिवलीचे डॉक्टर म्हणाले, हृदयाला भोक असेल. माझा जीव थाऱ्यावर नाही रे. तू कारखान्यात पाणी तपासतोस, म्हणून धाकट्या दिरांबरोबर, शिवदासभावोजींबरोबर, बाटली पाठवतेय. एकदा बघ.

आठवण ठेवणारी,
वनमालाताई

विक्रोळी, ता. ४ डिसेंबर १९८३

ती. ताईस,
अनंताचा सा. न.

शिवदासराव दारात थांबलेत, म्हणून घाईत लिहितोय. त्या पाण्याचा थेंबही मीरेला देऊ नकोस. त्यात नायट्रेट आहे, मर्यादेच्या चौपट. वांग्यांना तुम्ही युरिया ओतता, तो झिरपून विहिरीत उतरतो. मोठ्यांना जाणवत नाही, पण तान्ह्या बाळाच्या रक्ताला त्यामुळे प्राणवायू वाहता येत नाही. उकळून ते जात नाही, उलट वाढतं. तुझा दोष नाही ताई, तुला कोण सांगणार होतं? सोबतची चिठ्ठी घेऊन लगेच मोठ्या इस्पितळात जा. प्यायचं पाणी होडीने बोरिवलीहून आणा.

तुझ्या मायेतला,
अनंत

गोराई, ता. ११ डिसेंबर १९८३

चि. अनंतास,
अनेक आशीर्वाद.

डॉक्टरांनी तुझी चिठ्ठी दोनदा वाचली आणि निळ्या रंगाचं इंजेक्शन दिलं. तासाभरात मीरेचे ओठ गुलाबी झाले. मी तिथेच बाकावर बसून रडले. हृदय ठणठणीत आहे म्हणाले.

घरी येऊन मी यांना सांगितलं, आपल्या वाडीत आता युरिया नाही. शेणखत आणि सुक्या मासळीचा चुरा घालायचा, सासूबाई घालायच्या तसा. भावोजी म्हणाले, वांगी लिंबाएवढी होतील. म्हटलं, होऊ देत.

कुंदाला आशीर्वाद. तुमच्या जोडीला दृष्ट न लागो.
ताई

गोराई, ता. ८ फेब्रुवारी १९८६

चि. अनंतास,
अनेक आशीर्वाद.

विहिरीचं पाणी मर्यादेत आलं, हे तुझं पत्र मी साऱ्या आळीत वाचून दाखवलं. पहिल्या वर्षी वांगी खरंच कमी लागली, भावोजींनी तोंडसुख घेतलं. यंदा बोरिवलीच्या बाजारात आमची पाटी सगळ्यांत आधी संपते. भावोजींनीही त्यांच्या वाडीत युरिया सोडलाय, फक्त कबूल करत नाहीत.

आता पुढच्या रविवारी गावातली अकरा माणसं अकरा विहिरींचं पाणी घेऊन तुझ्याकडे येतायत. बाटल्यांवर नावं मीच घातलीत. सर्वांत पुढे भावोजी असतील. कुंदाला सांग, चहाचं आधण मोठं ठेव.

तुझी अभिमानी,
ताई